गळ्यापासून विणू की घेरापासून?

या वेळच्या पत्रांचा गठ्ठा उघडला आणि हसूच आलं, बाहेर पंखा पाचवर फिरून राहिला, ऑक्टोबरचा घाम पुसता पुसता लिहून राहिले आणि तुम्ही सगळे विचारताय स्वेटर कुठून सुरू करू. पण बरोबरच आहे म्हणा, डिसेंबरात अंगात पाहिजे असेल तर सुया आत्ताच हातात यायला पाहिजेत. दिवाळीनंतर सुरू केलेला स्वेटर आमच्या घरात तरी होळीलाच पूर्ण झालाय आजवर.

प्रश्न : ताई नमस्कार. मिस्टरांसाठी पहिल्यांदाच स्वेटर विणणार आहे, त्याआधी फक्त दोन मफलर आणि बाळाची टोपी विणली. इतवारीतून राखाडी रंगाची डबल निटिंगची अॅक्रिलिक लोकर आणली, 600 ग्रॅम. ते सकाळी साडेसहाला बाईकने बुटीबोरीला ड्युटीवर जातात, छाती 40 इंच. आता घोळ असा की सासूबाई म्हणतात पाठ वेगळी, पुढचं वेगळं, बाह्या वेगळ्या विण आणि मग शीव, आम्ही जन्मभर तसंच केलं. आणि जाऊबाई म्हणतात की असं आता कोणी करत नाही, वायरवाली गोल सुई घे, गळ्यापासून सुरू कर, शिवायचं कामच नाही, घालून पाहता येतं. दोघी रोज विचारतात सुरू केलं का म्हणून. मी लोकर घेऊन नुसती बसली आहे. काय करू?
— मधल्यामधे अडकलेली, मनीषनगर

उत्तर : अगं दोघींचंही खरं आहे, फक्त दोघी वेगवेगळ्या माणसांसाठी विणतात. मी पैज लावते, सासूबाईंनी जास्त करून घरातल्या मोठ्या माणसांचे स्वेटर विणले असतील आणि जाऊबाईंनी लहान पोरांचे. पद्धत चांगली की वाईट हे असं हवेत ठरत नाही, कोण घालणार, कधी काढणार, आणि तू विणणार कधी, एवढं आधी पाहायचं.

तर आधी बंद गळ्याचा की समोरून उघडा ते ठरव. आपल्या नागपूरची थंडी मोठी विचित्र. 29 डिसेंबर 2018 ला पारा 3.5 डिग्रीवर गेला होता, आठवत असेल तुला, त्या दिवशी नळाच्या पाण्याला हात लावायची हिंमत नव्हती. पण तसे दिवस मोजकेच. बाकी थंडीत सकाळी 10–12 डिग्री आणि दुपारी एक वाजता 28, म्हणजे तुझे मिस्टर साडेसहाला कुडकुडत जाणार आणि अकराच्या चहाला स्वेटर काढून खुर्चीच्या पाठीवर टाकणार. डोक्यावरून ओढून काढायचा स्वेटर चार लोकांसमोर काढताना आतला शर्ट पण वर जातो, मग माणूस लाजून तो घालतच नाही आणि तुझे तीन महिने कपाटात जातात. म्हणून समोरून उघडा. बटणं लाव किंवा चेन लाव. बाईकवर वारा समोरून लागतो म्हणून मला चेन जास्त आवडते, पण पहिल्या स्वेटरला चेन शिवणं म्हणजे लाटा येतात, तू बटणंच लाव.

आता हे ठरलं की अर्धं भांडण आपोआप मिटतं बघ. गोल सुईची खरी मजा कशात आहे, तर गोल गोल फिरत राहायचं, सगळे टाके सुलटच, उलट विणायचं नावच नाही. पण समोरून उघडा स्वेटर म्हटला की गोल फिरताच येत नाही, जायचं आणि यायचं, एक ओळ सुलट एक ओळ उलट. म्हणजे तो फायदा गेला.

दुसरं म्हणजे वजन. 600 ग्रॅमची अॅक्रिलिक लोकर ही अंगावर हळूहळू लोंबते. शुद्ध लोकरीला थोडी स्वतःची पकड असते, अॅक्रिलिक गुळगुळीत, ते आपल्याच वजनाने खाली येतं. अशा वेळी शिवणी हाडासारख्या काम करतात. बिनशिवणीचा मोठ्या माणसाचा अॅक्रिलिक स्वेटर दुसऱ्या थंडीत मांडीपर्यंत आलेला मी स्वतःच्या घरात पाहिलाय, आमच्या ह्यांनी त्याचा झब्बा झाला म्हणून नाव ठेवलं.

आणि तिसरं, हे कोणी सांगत नाही पण नागपूरच्या बाईला सगळ्यात आधी सांगायला पाहिजे. गळ्यापासून विणलेल्या स्वेटरात शेवटी बाह्या येतात, आणि बाही विणताना सगळा स्वेटर मांडीवर गोळा होऊन बसतो, वर त्याला गरागरा फिरवत राहायचं. शिमल्यात ठीक आहे, मांडीला ऊब मिळते. इथे ऑक्टोबरात 34 डिग्रीत, कूलर लावला तर चिकचिक आणि नाही लावला तर घाम, त्यात मांडीवर अर्धा किलो लोकर, बाप्पा! वेगवेगळे तुकडे असले की एक बाही पिशवीत टाकली, बँकेच्या लाइनीत विणली, पोराच्या ट्यूशनच्या बाहेर बसून विणली.

तर तुकडे. सासूबाई जिंकल्या असं त्यांना लगेच सांगू नको, कारण बाही मी जाऊबाईंच्या बाजूची देणार आहे.

बाही जोडायच्या तीन तऱ्हा नेहमीच्या. एक म्हणजे सरळ चौकोन, मुंढा, म्हणजे बाही बसते ती काखेची गोलाई, कापलेलाच नाही, बाही पण वर सरळ बंद केलेली. विणायला सगळ्यात सोपं, पण काखेत कापडाचा गोळा होतो आणि वरून जॅकेट घातलं की बाहीत बाही अडकते, बाईकवाल्याला नको. दुसरं म्हणजे टेलरच्या शर्टासारखा गोल मुंढा. दिसायला सगळ्यात नीट बसतो, खांदा खांद्यावर राहतो, पण बाहीच्या वरचा जो डोंगर असतो तो मुंढ्याच्या मापात बसवणं हे नव्या हाताचं काम नाही गं. बाही मोठी झाली तर फुगा, लहान झाली तर काखेत काचतं, आणि हे कळतं शिवल्यावर. सूती कापड असतं तर दाबून इस्त्री मारून जुळवलं असतं, अॅक्रिलिकला गरम इस्त्री लावली की ते मेलंच, चपटं आणि निर्जीव होतं, परत येत नाही.

तिसरी रॅग्लन, काखेपासून गळ्यापर्यंत तिरपी रेघ. ही घे. खांद्याचं माप चुकलं तरी सांभाळून घेते, हॅन्डल धरायला हात पुढे केले तरी पाठीत ओढत नाही, आणि मुख्य म्हणजे शिवायला अगदी सोपी. पाठीच्या तिरप्या रेघेत जितक्या ओळी तितक्याच बाहीच्या रेघेत, ओळीला ओळ लावत जायची, अंदाजाचं कामच नाही. गंमत म्हणजे हे रॅग्लन माणसाचं नाव. लॉर्ड रॅग्लन, 1815 च्या वॉटर्लूच्या लढाईत उजवा हात गमावला, आणि ही तिरपी बाही त्याच्या कोटावरून ओळखली जाते. पुढे क्रिमियाच्या युद्धात तो इंग्रजांचा सेनापती होता, आणि त्याच्याच हाताखाली 1854 साली बालाक्लाव्हाला घोडदळ घेऊन तोफांवर चालून गेला तो लॉर्ड कार्डिगन. समोरून उघड्या स्वेटरला कार्डिगन म्हणतात ना, म्हणजे तू जो रॅग्लन कार्डिगन विणणार तो एकाच लढाईतल्या दोन साहेबांच्या नावाचा. कार्डिगनचं त्याच्या वरच्या साहेबाशी, म्हणजे स्वतःच्याच मेहुण्याशी, लॉर्ड लुकनशी, पटत नव्हतं, तुझ्याकडे सासू आणि जाऊ आहेतच.

आता हिशोब. आधी 6 इंच बाय 6 इंचाचा तुकडा विण 8 नंबरच्या सुईवर, हो कंटाळा येतो, पण विण. धुऊन, वाळवून मग मधले 4 इंच मोज. आपल्याकडच्या नंबरात आकडा मोठा म्हणजे सुई बारीक हे लक्षात ठेव, 8 नंबर म्हणजे 4 मिलिमीटर, 10 नंबर म्हणजे सव्वातीन. समज 4 इंचात 22 टाके आले, म्हणजे इंचाला साडेपाच. छाती 40, आत शर्ट आणि हालचाल म्हणून 4 इंच सैल, म्हणजे 44 इंच. 44 गुणिले साडेपाच, 242 टाके पूर्ण घेराला. आणि हा तुकडा न विणता अंदाजाने बसलीस आणि हात ढिला पडून इंचाला पाचच टाके आले तर तोच स्वेटर 48 इंचाचा होतो. घट्ट पडून सहा आले तर 40, म्हणजे पोटाला चिकटलेला. अर्ध्या टाक्यात एवढा फरक.

घेराचा आकडा हातात आला की बाकी सगळं त्यातून काढता येतं, हे एलिझाबेथ झिमरमन नावाच्या बाईने टक्केवारीत बसवून दिलंय, मनगट घेराच्या 20 टक्के, बाहीचा वरचा भाग 33 ते 35 टक्के, गळा 40 टक्के. ती बिनशिवणीचे गोल स्वेटर विणायची, पण अंदाज तुकड्यांनाही लागू पडतो. तुझ्या मिस्टरांसाठी मी असं बसवलंय. पाठीला 121 टाके. पुढचे दोन भाग 58–58, थोडे कमी कारण मधे 1 इंचाची बटणपट्टी नंतर टाके उचलून विणायची आहे. मनगटाला 48. बाही वर जाता जाता दोन्ही कडेला एकेक टाका वाढवायचा, एकदा चौथ्या ओळीला एकदा सहाव्या ओळीला असं आलटून पालटून, 20 वेळा वाढवलं की 88 होतात. हे टक्केवारीपेक्षा दोन-तीन टाके जास्त आहेत, मुद्दाम, आत फुल बाहीचा शर्ट असतो ना.

बॉर्डर 10 नंबरने, 1 सुलट 1 उलट, अडीच-तीन इंच. मग 8 नंबर. काखेपर्यंत 15–16 इंच, पण त्यांचा आवडता जुना स्वेटर असेल तर तो मोज, माणसाला मोजण्यापेक्षा स्वेटरला मोजणं बरं, तो श्वास रोखून पोट आत घेत नाही. काखेत पाठीच्या दोन्ही बाजूला 8–8 टाके बंद कर, 105 राहिले. मग एक आड एक ओळीला दोन्ही कडेला एकेक कमी, 33 वेळा, उरले 39, तोच पाठीचा गळा. बाहीचं पण तसंच, 88 मधून 8–8 गेले, 72, मग 33 वेळा दोन दोन, वर 6 टाके राहतात. बघ, दोन्हीकडे 33 म्हणजे दोन्हीकडे 66 ओळी, म्हणूनच म्हटलं शिवायला सोपं. पुढच्या भागात काखेत एकाच बाजूला 8 बंद होतात, रॅग्लन तसाच, फक्त शेवटच्या 3 इंचात गळ्याच्या बाजूनेही कमी करायला लागतं.

टाके कमी करताना अगदी कडेला करू नको. दोन टाके सोडून तिसरा-चौथा एकत्र विण, म्हणजे कड सरळ राहते आणि शिवणीच्या बाजूने वेणीसारखी रेघ दिसते, लोक विचारतात ही डिझाइन कशी काढली.

शिवताना भाग उलटे करून काठाकाठाने आवळून नको शिवू. दोन्ही भाग सुलट बाजू वर करून शेजारी ठेव, बोथट टोकाच्या सुईत तीच लोकर ओव, कडेच्या टाक्याच्या आतली आडवी दांडी इकडची एक उचल, तिकडची एक उचल, चार-पाच झाल्या की हलकं ओढ. शिवण गायब होते, जादूच वाटते पहिल्यांदा. सासूबाईंना दाखव, त्यांना येत असेलच, आणि येत नसेल तर तू शिकवलंस.

आणखी एक, याच लॉटची 100 ग्रॅम अजून आणून ठेव. दोन महिन्यांनी तोच राखाडी मिळत नाही, मिळतो तो राखाडीचा मावसभाऊ.

प्रश्न : मी महालात राहते, वय 71. नातू पुण्याला आहे, सहा वर्षांचा. दरवर्षी स्वेटर विणून पाठवते आणि दरवर्षी सून फोटो पाठवते तेव्हा बाह्या आखूड झालेल्या असतात, पोट्टा वाढूनच राहिला नुसता. मला चार तुकड्यांचीच पद्धत येते. आता बोटं दुखतात, शिवताना डोळ्यांना त्रास होतो. शेजारची पोरगी म्हणते आजी वरून विणा. या वयात नवीन शिकू का?
— नातवाची आजी

उत्तर : आजी, नमस्कार. तुमच्या बाबतीत शेजारची पोरगी शंभर टक्के बरोबर बोलली. वरच्या ताईला मी जे सांगितलं त्याच्या अगदी उलट तुम्हाला सांगून राहिले म्हणून गोंधळू नका, नातवाचा स्वेटर लहान, मांडीवर त्याचं ओझं होत नाही, लोकर 250 ग्रॅमच्या आसपास लागते, आणि शिवण जवळपास नाहीच.

पण खरं कारण वेगळंच आहे. विणकाम फक्त शेवटून उसवतं, जिथे टाके बंद केले तिथून. सुरुवातीच्या बाजूने उसवायला गेलं की गुंता होतो, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत. आता खालून वर विणलेल्या स्वेटराचा शेवट गळ्याशी, आणि पोरगं वाढतं घेराकडे आणि मनगटाकडे. वरून विणला की शेवट बरोबर तिथेच येतो जिथे पोरगं वाढणार. पुढच्या वर्षी बॉर्डर उसवायची, टाके सुईवर घ्यायचे, 2 इंच वाढवायचं, परत बॉर्डर. एकाच स्वेटरात दोन नाहीतर तीन थंड्या निघतात. नवीन लोकरीचा रंग जुळणार नाही हे धरूनच चाला, आधीच घेराला आणि मनगटाला वेगळ्या रंगाच्या दोन पट्ट्या ठेवा, मग वाढवलेला भाग ठिगळ वाटत नाही, डिझाइन वाटते.

माप देते, सहा वर्षांच्या पोराला तयार स्वेटर 26 इंच धरला, इंचाला साडेपाच टाके. समोरून उघडाच करा, बंद गळ्याच्या लहान पोरांच्या स्वेटरात डोकं अडकतं. मी भाच्यासाठी पहिला गळ्यापासून विणला तेव्हा सुरुवातीचे टाके इतके आवळून घातले की पोराचं डोकं आत जाईना, गेलं तर बाहेर येईना, रडून रडून लाल, शेवटी वहिनीने कात्री आणली. तेव्हापासून गळ्याचे टाके मी एक नंबर जाड सुईवर घालते.

तर 60 टाके घाला. पुढचा भाग 12, बाही 6, पाठ 24, बाही 6, पुढचा भाग 12. मधे चार ठिकाणी दुसऱ्या रंगाच्या दोऱ्याचे गोल अडकवा, तीच रॅग्लनची रेघ. प्रत्येक गोलाच्या अलीकडे एक आणि पलीकडे एक टाका वाढवायचा, एक आड एक ओळीला, म्हणजे त्या ओळीला 8 टाके वाढतात. येतानाची ओळ नुसती उलट. असं 20 वेळा झालं की पाठ 64, पुढचे 32–32, बाह्या 46–46. आता बाह्यांचे टाके जुन्या लोकरीच्या तुकड्यावर ओवून बाजूला ठेवा, काखेत 8–8 नवीन टाके घाला आणि पाठ-पुढचं सगळं एकत्र खाली विणत जा, मोजून 144 झाले पाहिजेत. 40 ओळींत साधारण पावणेसहा इंच उतरतं, पोरगं अंगाने मोठं असेल तर न वाढवता चार ओळी जास्त विणा.

बाहीला ते 46 टाके आणि काखेतून उचललेले 8, म्हणजे 54. काखेच्या कोपऱ्यात हमखास भोक पडतं, तिथे एकेक टाका जास्तीचा उचला आणि पुढच्या ओळीत शेजारच्याबरोबर एकत्र विणून टाका. मोजे विणायच्या चार सुया असतील तर बाही गोल विणा, नसतील तर दोन सुयांवर सरळ विणून फक्त बाहीची एक शिवण टाका. त्यात कमीपणा काही नाही, मला पण चार सुयांचा कंटाळाच येतो.

पाठीचा गळा पुढच्यापेक्षा थोडा उंच पाहिजे नाहीतर स्वेटर समोरून हनुवटीला टोचतो. त्यासाठी सुरुवातीला पाठ आणि बाह्या एवढ्याच टाक्यांवर दोन-तीनदा अर्ध्यातून मागे फिरायचं. हे एकदा शेजारच्या पोरीकडून करून घ्या, बघून लगेच येईल. आणि पानाची किंवा वेणीची जुनी आवडती डिझाइन घालणार असाल तर एक लक्षात ठेवा, वरून विणताना ती डोक्यावर उभी राहते, पानं खाली तोंड करून लटकतात. वेणीचं फारसं कळत नाही. पानं नका घालू.

प्रश्न : मी मुलगा आहे, इंजिनीअरिंगला, गोकुळपेठेत रूमवर राहतो. मोबाइलवर बघून विणायला शिकलो, रूममेट हसतात पण टोप्या मागतात. जानेवारीत मनालीला जायचंय, त्यासाठी तो खांद्याभोवती रंगीत गोल नक्षीवाला स्वेटर करायचा आहे. जमेल का, आणि कुठून सुरू करू?

उत्तर : जमेल रे. टोप्या येतात म्हणजे गोल विणणं येतं, आणि हा स्वेटर म्हणजे तीन नळ्या आणि वर एक मोठी टोपी, एवढंच. आइसलँडमधे याला लोपापेसा म्हणतात, नाव ऐकून हजार वर्षांचा वाटतो पण तो विसाव्या शतकाच्या मध्यातला आहे. तू खालून वर विण. अंग काखेपर्यंत गोल, दोन बाह्या काखेपर्यंत गोल, मग तिन्ही एका लांब वायरच्या सुईवर घ्यायचे, काखेतले थोडे थोडे टाके बाजूला ठेवायचे, आणि वर नक्षी काढत काढत तीन-चार टप्प्यांत टाके कमी करायचे. रॅग्लनसारखं चार रेघांवर नाही, सगळीकडे सारखं.

पहिले बाही विण. तीच तुझं सॅम्पल, माप चुकलं तर बाहीच उसवायची, अख्खं अंग नाही. आणि सपाट तुकड्यावर मोजू नको, बऱ्याच जणांच्या हातात उलट टाका ढिला पडतो, गोल विणताना उलट येतच नाही म्हणून माप वेगळं निघतं.

एका ओळीत दोनच रंग. मागून जाणारा धागा ओढायचा नाही, ओढलास की खांदे आक्रसतात आणि डोकं आत जात नाही. शुद्ध लोकर घे, महाग पडेल पण मनालीच्या थंडीत अॅक्रिलिकने तुझं भागणार नाही. इथे परत आल्यावर मात्र तो घालायचं स्वप्न सोड, नक्षीमुळे खांद्यावर दुहेरी थर असतो, सीताबर्डीच्या बाजारात दुपारी घालून फिरलास तर चक्कर येईल. रूममेटना टोपीचे पैसे लावायला सुरुवात कर.

प्रश्न : माझ्या स्वेटरचे खांदे लोंबतात, शिवलेला आहे तरी. बहीण म्हणते पद्धत चुकली, उसवून गोल विण. उसवू का?
— सक्करदरा

उत्तर : अजिबात नाही. खांद्याची शिवण आतून बघा, लोकरीनेच ढिली शिवलेली असेल. एका खांद्याच्या टोकापासून मानेमागून दुसऱ्या टोकापर्यंत आतून सुती फीत हाताने शिवून टाका, अर्धा इंच रुंदीची, शिवताना स्वेटर ताणायचा नाही. जुने टेलर टी-शर्टाला लावतात तीच युक्ती. आणि स्वेटर हँगरवर टांगता का? टांगत असाल तर अर्धा दोष हँगरचा. धुतल्यावर पण दोरीवर नको, पाण्याच्या वजनाने जे लांबतं ते पूर्ण परत येत नाही. टॉवेलात गुंडाळून दाबा आणि गच्चीवर जुन्या चादरीवर आडवा पसरा, हाताने मापात आणून. फक्त कबुतरांकडे कोणालातरी बसवा.